शिरीनमावशीचं खड्ड्यातलं कुकू

शिरीनमावशीनं माझ्याबद्दल दिलेलं पहिलं मत असं होतं : "ही बाई भाजी धुती का भाजीचं बारसं करती?"

मी तिच्या ओट्याशी शेपूची जुडी नळाखाली धरून उभी होते. वय वर्षं पन्नास. आज मागे वळून पाहताना पन्नाशी म्हणजे मला पोरवय वाटतं, आणि अक्कलही त्या मानानंच होती. आमच्या ह्यांची बदली कामशेतजवळच्या शाळेत झाली म्हणून आम्ही पुण्याहून मळवलीला राहायला आलो होतो. येण्याआधी मी पंधरा दिवसांचा कुकरी क्लास केला होता आणि त्याचं प्रमाणपत्र लॅमिनेट करून फ्रिजवर चिकटवलं होतं. त्या काळातला माझा एक फोटो आहे. ओठ मिटलेले, एक भुवई वर, जणू मिठाचा शोध बाईंनीच लावलाय. नातवंडं तो फोटो पाहून विचारतात, "आजी, तुला राग कसला आलाय?" राग नव्हता, बाळांनो. तो आत्मविश्वास होता.

शिरीनमावशी आमची शेजारीण. तेव्हा चौऱ्याहत्तर वर्षांची. तिचे आजोबा इराणातल्या यझदहून आलेले, तिचं लहानपण लोणावळ्यात गेलेलं, आणि लग्नानंतरची सगळी वर्षं मळवलीच्या त्या कौलारू बंगल्यात. उंच, गोरीपान, घारे डोळे, डोक्यावर नवऱ्याची जहाजावरची टोपी. तिला पहिल्यांदा पाहिलं तेव्हा हिला मराठी येत नसणार असं मी गृहीत धरलं आणि सावकाश, मोठ्यानं, हातवारे करून म्हणाले, "मी. इथे. शेजारी. राहते."

"व्हय, दिसतंय की," ती म्हणाली. "मी भैरी न्हाई. आत ये, उनात कशाला हुबी ऱ्हातीस?"

मराठी ती शेजारच्या खाचरांत भातलावणीला येणाऱ्या बायकांकडून शिकली होती, तीही त्यांच्याबरोबर गुडघाभर चिखलात उभं राहून. मी आपली तिला सुधारायला जायची. "मावशी, न्हाई नाही, नाही म्हणतात." ती म्हणायची, "म्हनू देत की. मी कुटं आडवलंय?"

ह्या मावशीचा जीव एका पदार्थात होता. कुकू. नाव ऐकल्यावर सगळ्यांना जो विनोद सुचतो तो मलाही सुचला होता. मी तो केलाही होता, आणि मावशीनं तो आधी किमान दोनशे वेळा ऐकला होता.

कुकू म्हणजे भरपूर शेपू, कोथिंबीर, मेथी आणि कांद्याची पात अगदी बारीक चिरायची, त्यात हळद, अक्रोड आणि आंबट लाल बिया घालायच्या, अंड्यांत कालवून मंद आचेवर जाडसर थापायचं. कापलं की आतून गर्द हिरवं. हे झालं मावशीच्या आईचं, इराणी पद्धतीचं. मावशीचं कुकू मात्र जग फिरून आलेलं होतं. तिचा नवरा सोराब मालवाहू जहाजावर स्वयंपाकी होता. एकदा जहाजाचं इंजिन बिघडलं आणि सगळे पॅसिफिक महासागरातल्या एका बेटावर चार महिने अडकले. बाकीचे खलाशी घरी पत्रं लिहीत बसले. सोराब बेटावरच्या बायकांच्या मागेमागे हिंडून स्वयंपाक शिकला.

"बायकांच्या मागं हिंडला त्येचं मला कायबी वाटलं न्हाई," मावशी सांगायची. "हात हलवत आला असता तर वाटलं असतं."

तिथून त्यानं आणलं ते असं : अंड्यांत नारळाचं घट्ट दूध घालायचं, ते सगळं चिंचेचं पाणी लावलेल्या अळूच्या पानांत बांधायचं, वर केळीच्या पानाचे तीन थर, आणि ते गाठोडं चुलीवर नाही, तर जमिनीतल्या खड्ड्यात, लाल होईपर्यंत तापवलेल्या दगडांवर ठेवून वर ओली गोणपाटं आणि माती टाकायची. आपोआप शिजतं. इराणातल्या आंबट बिया मिळायच्या नाहीत, म्हणून मावशी वाळवलेली करवंदं घालायची. "बेटावर अळू, नारळ, केळ. हितं अळू, नारळ, केळ आन वर करवंदं. मंग बेट ह्येच की!"

तिचे नियम कडक होते. भाजी धुऊन झाली की ती अंगणातल्या बाजेवर लुगड्यावर पसरायची आणि चार तास वाळू द्यायची. "वली भाजी घातली की अंडं रडतं." विस्तवावर तोंडानं फुंकर मारायची नाही. मी एकदा फुंकणी उचलली तर तिनं ती माझ्या हातातून काढून घेतली. "आमच्यात इस्तवाला उष्टी हवा देत न्हाईत. पंखा घे." अंडी किती घालायची, तर त्याला आकडा नव्हता. गेटातून येणाऱ्या पाहुण्यांची तोंडं बघून ती ठरवायची. मला पहिल्यांदा पाहिलं तेव्हा तिनं एक अंडं परत टोपलीत ठेवलं होतं.

आणि वेळ. मावशीकडे घड्याळ होतं, पण कुकूसाठी ते चालायचं नाही. घरामागूनच रूळ जातात. पुण्याकडे जाणारी लोकल गेली की खड्ड्यावर माती टाकायची, पुढची गेली की उकरायचं. मी मनगटावरचं घड्याळ दाखवून म्हणायची, "मावशी, ही पद्धत शास्त्रीय नाही." ती म्हणायची, "तुज्या घड्याळात शिट्टी वाजती का?"

एका रविवारी रुळांची कामं निघाली आणि लोकल आल्याच नाहीत. दोन तास झाले. तीन झाले. महिला मंडळाच्या आठ बायका ताटं घेऊन बसलेल्या.

"मावशी, आता काढू या."

"गाडी आली का?"

"नाही."

"मंग झालं न्हाई."

साडेपाच तासांनी एक मालगाडी गेली आणि मावशी नाइलाजानं उठली. खड्ड्यातून जे निघालं ते काळं, चौकोनी आणि आवाज करणारं होतं. मावशीनं ते बोटानं वाजवून पाहिलं. "आज कुकू लेट झालं," ती म्हणाली आणि बायकांना शेवचिवडा दिला. तो तुकडा पुढे वर्षभर तुळशीच्या कुंडीखाली टेकण म्हणून होता.

त्यानंतरची गोष्ट पोलिसांची. पलीकडचा बंगला शनिवार-रविवार भाड्यानं जायचा. एका दुपारी तिथल्या पाहुण्यांनी भिंतीवरून पाहिलं, की टोपी घातलेली एक म्हातारी हिरव्या पानांत गुंडाळलेलं काहीतरी खड्ड्यात पुरतेय आणि अगम्य भाषेत पुटपुटतेय. मावशी माकडांना फारसीत शिव्या देत होती. पाहुण्यांनी आधी मोबाइलवर व्हिडिओ काढला, मग पोलिसांना फोन केला. तासाभरानं एक हवालदार आले.

"मावशी, काय पुरलंय?"

"अंडी."

"कुणाची?"

"कोंबडीची. तुजी न्हाईत."

"उकरून दाखवा."

"थांब की. अजून येक लोकल जायची हाय."

हवालदार गुडघ्यांवर काठी आडवी ठेवून लोकलची वाट पाहत बसले. मग चार तुकडे खाल्ले, बायकोसाठी दोन बांधून घेतले आणि जाताना म्हणाले, "पुरावा काही शिल्लक राहिला नाही, मावशी. काय लिहू?" मावशी म्हणाली, "मीठ बेताचं व्हतं असं लिव्ह."

आम्ही आठवडाभर हसत होतो. पण तो व्हिडिओ फिरत फिरत मुंबईला गेला, मावशीच्या भाच्याकडे. फरोख त्याचं नाव. मावशीला मूलबाळ नव्हतं, तो तिचा एकुलता एक जवळचा. माणूस चांगला, पण काळजीनं पोखरलेला. त्यानं फोन केला तेव्हा मी तिथंच होते.

"मासी, आता पुरे. तू एकटी राहतेस, खड्डे खणून जाळ करतेस, दारात पोलीस येतात. मी नवरोजला जेवायला येतो. सगळं नीट दिसलं तर ठीक. नाही तर तुला घेऊन जाणार, बंगल्याला कुलूप. माझ्याकडे तुझी खोली तयार आहे."

मावशीनं फोन ठेवला. अंगणातल्या खड्ड्याकडे पाहिलं. मग मला विचारलं, "मास्तरीन, चौदाव्या मजल्यावर खड्डा कुटं खनायचा गं?"

तिचा चेहरा तसा मी आधी कधी पाहिला नव्हता. मी ठरवलं, आपण मदत करायची. माझ्या आयुष्यातली बहुतेक संकटं ह्याच वाक्यानं सुरू झाली आहेत.

नवरोज, म्हणजे मार्चमधला त्यांचा नववर्षाचा दिवस. आदल्या संध्याकाळी मी मावशीचे खड्ड्यातले नऊ दगड पाहिले. काजळी धरलेले, राखेनं माखलेले. भाचा बघेल तर काय म्हणेल? क्लासमध्ये स्वच्छतेला दहा गुण होते आणि मला दहापैकी दहा होते. मी ते दगड घरी नेले, सोडा घातलेल्या पाण्याच्या टबात रात्रभर भिजत घातले आणि सकाळी लख्ख करून खड्ड्यात रचले. मावशीनं जाळ केला.

पहिला दगड फुटला तेव्हा वाटलं, रस्त्यावर टायर फुटला. दुसऱ्याच्या कपचीनं जास्वंदीची कुंडी गेली. मग फटाक्यांची माळच लागली. आम्ही दोघी बाजेमागे आडव्या झालो.

"मास्तरीन," बाजेखालून मावशीनं विचारलं, "दगड भिजवलेस?"

"स्वच्छ केले."

"पानी पिलेला दगड तापला की फुटतो. आता तूबी स्वच्छ बसून ऱ्हा."

नऊपैकी आठ गेले. मावशी उठली, कपच्यांकडे पाहत राहिली. "सोराबनं येकेक निवडून आनला व्हता," एवढंच म्हणाली आणि नारळ खवायला आत गेली. त्यापेक्षा तिनं मला झाडूनं मारलं असतं तर बरं झालं असतं.

फरोख यायला अडीच तास होते. मी आमच्या बागेतली एकचाकी ढकलगाडी काढली आणि दगड शोधायला निघाले. ओढ्यातले दगड ओले. रस्त्यावरची खडी बारीक. आणि मग ओढ्यापलीकडे, शेताच्या बांधावर, जांभळाच्या झाडाखाली मला ते दिसले. सात दगड. गोल, काळे, कोरडे ठणठणीत, एका ओळीत मांडलेले, मधला सगळ्यांत मोठा. जणू माझ्यासाठीच कुणी ठेवलेत! आजूबाजूला मात्र फुटके नारळ, सुकलेली लिंबं, अगरबत्तीच्या काड्या. मी कपाळाला हात लावला. "पिकनिकवाले!" असं मोठ्यानं म्हणून मी आधी तो सगळा कचरा पिशवीत भरला. मधल्या दगडाच्या खळग्यात काहीतरी लालसर होतं. मला वाटलं, कुणीतरी सॉस सांडलाय. तो पदरानं पुसला आणि दगड गाडीत घातले.

हे वाक्य लिहिताना माझा हात आजही थांबतो. पण खरं ते खरं.

मावशी बाहेर आली तेव्हा दगड जाळाखाली गेले होते. तिनं तापल्या दगडावर हाताचा पंजा लांबून धरून पाहिला. "बेस तापल्यात. कुटनं आनलेस?"

"बांधावरून."

"कुटल्या बांधावरनं?"

तेवढ्यात गेटापाशी गाडीचा हॉर्न वाजला आणि तो प्रश्न तसाच राहिला.

फरोख आल्या आल्या घर तपासायला लागला. गॅसचं बटण, न्हाणीघरातली फरशी, औषधांच्या तारखा. मोबाइलमध्ये काहीतरी टिपत होता. मावशी त्याच्याशी गोड बोलत होती, ही तिच्या दृष्टीनं मोठी शिक्षा. एकची लोकल गेली, आम्ही गाठोडं दगडांवर ठेवलं आणि माती टाकली. सगळं सुरळीत चाललं होतं. फरोख बाजेवर टेकून, "मासी, इथे हवा मात्र छान आहे," असंसुद्धा म्हणाला.

तेव्हा गेट वाजलं. म्हादूआबा होते, ओढ्यापलीकडचं शेत त्यांचं. त्यांच्या मागे वीसेक माणसं.

"मावशी," आबा म्हणाले, "आमचा म्हसोबा चोरीला गेलाय. सोबत्यांसकट. सात दगड. येकचाकी गाडीचा माग तुमच्या गेटापोत्तर आलाय."

माझ्या पोटात जो खड्डा पडला त्यात चार कुकू शिजली असती.

मावशीनं माझ्याकडे पाहिलं. मग वाफ निघणाऱ्या मातीकडे. मग भाच्याकडे. आणि अगदी शांतपणे म्हणाली, "द्येव हाय, आबा. सुखरूप हाय. पन आत्ता भेटायचा न्हाई. येक लोकल जायची हाय."

"देव?" फरोख उठून उभा राहिला. "त्या खड्ड्यात? मासी, तू ह्या लोकांचा देव जाळलास?"

"तिनं नाही, मी," मी म्हणाले. आवाज माझा नव्हताच, कुठल्यातरी उंदराचा होता. "मला वाटलं नुसते दगड आहेत. शेंदूर दिसला नाही."

"शेंदूर पावसात धुऊन गेला व्हता, जत्रंला नवा लावनार व्हतो," मागून कुणीतरी म्हणालं. "पन मास्तरीनबाई, नारळ, लिंबं? ती बी दिसली न्हाईत?"

"ती मी कचऱ्यात टाकली."

एक म्हातारी डोक्याला हात लावून मटकन खाली बसली. मावशीनं सगळ्यांना समजेल असा खुलासा केला : "हिच्याकडं सर्टिफिकेट हाय."

फरोखनं माझ्याकडे बघितलं, मग गर्दीकडे. "मासी, तुझं सामान भर. आजच निघायचं."

कुणी हललं नाही, कारण देव आत होता. सगळे खड्ड्याभोवती उभे राहिले. अखेर लोकल गेली. मावशीनं फावड्यानं माती ओढली, गोणपाटं काढली. वाफेचा लोट उठला आणि शेपू, नारळ, भाजलेलं केळीचं पान असा वास अंगणभर पसरला. गाठोडं उचललं आणि खाली म्हसोबा दिसला. तापून लालबुंद. शेंदूर लावल्यावरही इतका लाल कधी दिसला नसेल.

म्हादूआबा वाकून बराच वेळ पाहत राहिले. मावशी टोपी हातात घेऊन उभी होती.

"थंडीवाऱ्यात उगडा बसतो बिचारा," आबा शेवटी म्हणाले. "आज बेस शेकून निघाला."

"पन आबा, अंडं चालतं का त्येला?" एकानं विचारलं.

"कोंबडा चालतो. मंग कोंबड्याच्या आदीचं का चालायचं न्हाई?"

"आन शेपू?"

ह्यावर आबांनी नाक मुरडलं. "शेपू मलाच चालत न्हाई," ते म्हणाले. "पन आता द्येवाच्या अंगावर शिजलंय म्हंजी परसाद झाला. द्या हिकडं."

मावशीनं नेहमीप्रमाणे पहिला तुकडा उभ्या उभ्या स्वतः खाल्ला, मग आबांना दिला. आबांनी डोळे मिटून तोंडात टाकला. एक डोळा उघडला. मग दुसरा तुकडा मागितला. नंतर वीस माणसांना ते पुरवताना मावशीनं तुकडे इतके लहान केले, की शेवटच्यांना चव कमी आणि वासच जास्त मिळाला.

पण दगड उचलता येईनात. निखाऱ्यासारखे तापलेले. देव निवल्याशिवाय जाणार नाही आणि देवाला एकटं सोडून गाव जाणार नाही. झालं! सगळे अंगणात बसले. बायकांनी मावशीच्या स्वयंपाकघराचा ताबा घेतला, चहा टाकला, भांडी घासली. कुणी फुटक्या कुंडीतली जास्वंद दुसरीकडे लावली. दोघांनी गळकं कौल सारखं केलं. फरोख हातात ट्रे घेऊन चहा वाटत होता आणि प्रत्येक कपाबरोबर माफी मागत होता. आबांपाशी आल्यावर म्हणाला, "काका, काळजी करू नका. मी मासीला मुंबईला घेऊन जातो. तुम्हाला परत त्रास होणार नाही."

"नेता कुटं?" आबांनी बशी खाली ठेवली. "दंड बाकी हाय."

"दंड? मी भरतो. सांगा काय ते."

"तुमी न्हाई. जिच्या खड्ड्यात द्येव तापला तिनं भरायचा. दर साली जत्रंच्या आदी ह्येच, हितं, असंच करून म्हसोबाला निवद दावायचा. दंड फिटल्याबिगर गाव सोडायचं न्हाई."

"किती वर्षं?"

आबांनी आकाशाकडे पाहिलं. "द्येव जितकी वर्सं बांधावर बसलाय, तितकी. माज्या आज्याच्या आज्यानं मांडला असं म्हंत्यात. धरा दीडशे."

फरोख मावशीकडे वळला. तो बराच हुशार माणूस होता, त्याला सगळं कळलं असणार. मावशीनं चेहरा शक्य तितका पाडला होता.

"लय कडक शिक्षा केलीत, आबा," ती म्हणाली आणि त्यांच्या बशीत आणखी चहा ओतला.

दिवेलागणीच्या आधी म्हसोबा ढकलगाडीतून परत गेला. गाडी मी ढकलत होते, अनवाणी. तो माझा दंड. फरोख मुंबईला एकटाच गेला, केळीच्या पानात तीन तुकडे घेऊन. त्यानंतर तो दर वर्षी यायचा आणि भाजी वाळवायला बसायचा. चिरायला मात्र मावशी त्याला देत नसे.

मावशीनं नऊ वर्षं दंड भरला.

मी तिला जत्रेत शेवटचं पाहिलं ते नवव्या वर्षी. त्र्याऐंशीची झाली होती, गुडघे पार गेलेले. बांधापर्यंत चालणं शक्य नव्हतं. म्हादूआबा म्हणाले, "मावशी, ह्या साली ऱ्हाऊ द्या, आमी निवद नेतो." मावशी म्हणाली, "दंड माजा हाय." मग चार तगड्या माणसांनी तिला प्लास्टिकच्या पांढऱ्या खुर्चीत बसवलं आणि खुर्ची खांद्यांवर घेतली. भात कापलेल्या खाचरांतून वरात निघाली. मांडीवर ताट, ताटावर केळीचं पान. ती वरून एकेकाला झापत होती.

"ए डावीकडच्या, तुजा खांदा हाय का उतरन? कुकू घसरतंय. मी पडले तर चालंल, ह्ये पडता कामा न्हाई."

बांध चढताना खुर्ची हेलपाटली. खालच्यांपैकी एक जण धापा टाकत म्हणाला, "मावशी, अजून किती वर्सं ऱ्हायली वो दंडाची?"

मावशीनं एका हातानं ताट धरलं, दुसऱ्या हाताच्या बोटांवर काहीतरी मोजलं.

"सव्वाशे-दीडशे असत्याल," ती म्हणाली. "हळू चाला. मला कुटं घाई हाय?"